एर्न्स्ट नेगर आणि माइन्त्सचा दूरचित्रवाणीवरील कार्निव्हल : बोली, रंगमंच आणि प्रसारमाध्यम

उद्दिष्टे

ह्या घटकाचा अभ्यास केल्यानंतर तुम्हांला पुढील गोष्टी करता येतील :

• माइन्त्स ह्या जर्मन शहरातील कार्निव्हल-सभेचे स्वरूप सांगता येईल.
• एर्न्स्ट नेगर ह्या लोकरंजनकाराच्या गीतांच्या आधारे बोलीचे कार्य स्पष्ट करता येईल.
• स्थानिक बोली राष्ट्रीय प्रसारमाध्यमात जाते तेव्हा तिच्यात कोणते बदल होतात, ते सोदाहरण मांडता येईल.
• ‘बोली टिकणे’ आणि ‘बोलीची खूण टिकणे’ ह्यांतील भेद ओळखता येईल.

१. प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकांत आपण प्रमाणभाषा आणि बोली ह्यांचा परस्परसंबंध पाहिला. भाषावैज्ञानिक दृष्टीने कोणतीही बोली अशुद्ध किंवा अपुरी नसते; प्रमाणभाषा हीदेखील मुळात एक बोलीच असते आणि इतिहास, शिक्षण व सत्ता ह्यांच्या आधाराने ती प्रमाण ठरते, हा सिद्धान्त तुम्हांला परिचित आहे. परंतु सिद्धान्ताने बोलीला मान दिला म्हणून व्यवहारात तो मिळतोच असे नाही. घरात मोकळेपणाने बोलणारा माणूस सभेत, कार्यालयात किंवा ध्वनिक्षेपकासमोर गेला की आपली बोली दाराबाहेर ठेवतो. म्हणून ज्या ठिकाणी बोली स्वतःहून सभेच्या मध्यभागी येऊन उभी राहिली आणि तेथून राष्ट्रीय प्रसारमाध्यमात गेली, अशा उदाहरणाचा अभ्यास उपयुक्त ठरतो.

ह्या घटकासाठी आपण जर्मनीतील उदाहरण निवडले आहे. ऱ्हाइन नदीच्या काठावरील माइन्त्स शहरात एर्न्स्ट नेगर (१९०९–१९८९) हा गृहस्थ व्यवसायाने छपरे शाकारणारा कारागीर होता. कार्निव्हलच्या हंगामात तो आपल्या शहराच्या बोलीत गात असे. दूरचित्रवाणीमुळे त्याचा आवाज पश्चिम जर्मनीच्या घराघरांत पोहोचला. त्याने गायिलेल्या दोन गीतांच्या आधारे आपण एका प्रश्नाचा विचार करणार आहोत : बोली पडद्यावर जाते तेव्हा तिचे नेमके काय पोहोचते आणि काय मागे राहते?

२. विषय-विवेचन

२.१ सण आणि त्याची नावे

कार्निव्हल हा ख्रिस्ती पंचांगाशी जोडलेला सण आहे. ईस्टरपूर्वीचा चाळीस दिवसांचा उपवासकाळ ‘राखेच्या बुधवारी’ सुरू होतो. त्याच्या आदल्या दिवसांत खाणेपिणे, सोंगे, मिरवणुका आणि थट्टा ह्यांना मोकळीक असते. गोव्यातील कार्निव्हल, म्हणजेच ‘इंत्रुज’, ह्याच पंचांगानुसार साजरा होतो. त्यामुळे पणजीच्या आणि माइन्त्सच्या मिरवणुका वर्षाच्या एकाच सुमारास निघतात.

जर्मन भाषाप्रदेशात ह्या सणाला एकच नाव नाही, ही गोष्ट भाषाभ्यासकाने विशेष लक्षात घ्यावी. कोलोन परिसरात त्याला ‘कार्नेवाल’ म्हणतात, बव्हेरियात ‘फाशिंग’, नैर्ऋत्येकडील श्वाबेन भागात ‘फास्नेट’ आणि माइन्त्समध्ये ‘फास्टनाख्ट’. शेवटच्या शब्दाचा सरळ अर्थ ‘उपवासाच्या आधीची रात्र’ असा होतो. माइन्त्सकर मात्र बोलीत त्याचा उच्चार ‘फासेनाख्ट’ असा करतात. अभिवादनाची घोषणाही गावानुसार बदलते : माइन्त्समध्ये ‘हेलाउ’, तर कोलोनमध्ये ‘आलाफ’. चुकीच्या गावात चुकीची घोषणा दिली, तर ती देणारा परगावचा आहे हे तत्काळ उघड होते. एका शब्दावरून बोलणाऱ्याचे गाव ओळखू येते, तेव्हा त्या शब्दाने वाच्यार्थाखेरीज आणखी एक कार्य केलेले असते. त्याला आपण सामाजिक निर्देश म्हणतो.

आज दिसणाऱ्या संघटित स्वरूपातील माइन्त्सचा कार्निव्हल एकोणिसाव्या शतकात घडला. १८३८ मध्ये ‘माइन्त्सर कार्नेवाल-फेराइन’ हे मंडळ स्थापन झाले. त्यापूर्वी हे शहर काही वर्षे फ्रेंचांच्या ताब्यात होते आणि नंतर जर्मन राज्यसंघाचा किल्ला म्हणून तेथे ऑस्ट्रियन व प्रशियन सैन्य तळ ठोकून होते. कार्निव्हलमधील ‘रक्षकदलांचे’ भरजरी गणवेश आणि लुटुपुटीची कवायत हे ह्या सैनिकी वातावरणाचेच विडंबन होय. फ्रेंच आणि जर्मन सत्तांच्या अदलाबदलीचा अनुभव घेतलेल्या ह्या शहरात थट्टेला राजकीय धार येणे स्वाभाविक होते. १८४८ च्या क्रांतीत भाग घेणारे फ्रान्त्स त्सिट्स हे ह्याच मंडळाचे अध्यक्ष होते, ही बाब ह्या संदर्भात बोलकी आहे.

२.२ सभेची रचना

माइन्त्सच्या कार्निव्हलला दोन अंगे आहेत. एक रस्त्यावरचे : ‘गुलाबी सोमवार’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या दिवसाची मोठी मिरवणूक. दुसरे सभागृहातले, ज्याला ‘झिट्सुंग’ म्हणजे सभा किंवा बैठक म्हणतात. दूरचित्रवाणीवर गाजले ते प्रामुख्याने हे दुसरे अंग.

ह्या सभेचे रूप म्हणजे गंभीर संसदीय बैठकीचे हुबेहूब, पण उलटे अनुकरण. व्यासपीठावर अकरा जणांची परिषद बसते, कारण अकरा हा विदूषकांचा अंक मानला जातो. हंगामाचा प्रारंभही अकराव्या महिन्याच्या अकराव्या दिवशी, ११ वाजून ११ मिनिटांनी होतो. सभेला अध्यक्ष असतो. वक्ता प्रवेश करतो तेव्हा वाद्यवृंद ‘नारहाला-मार्श’ नावाची ठरावीक धून वाजवतो. ती मुळात अदोल्फ आदाम ह्या फ्रेंच संगीतकाराच्या ऑपेरातून आलेली आहे. प्रत्येक विनोदानंतर वाद्यांचा एक झटका वाजतो, त्यास ‘टुश’ म्हणतात. हसण्याची जागा कोणती, हे त्यातून श्रोत्यांना कळते.

वक्ता जेथून बोलतो त्या जागेला ‘ब्युट’ म्हणतात. मूळ अर्थ लाकडी पिंप किंवा कपडे धुण्याची घंगाळवजा टोपली. गावाचे मळलेले कपडे चारचौघांत धुवायचे, असा ह्या नावाचा रूढ उलगडा सांगितला जातो. ह्या पिंपातून केलेले भाषण ‘ब्युटनरेड’ होय. ते बहुधा यमकबद्ध असते आणि बोलीत असते. त्याचे स्थूलमानाने दोन प्रकार पडतात. पहिल्यात वर्षभराच्या राजकारणाचा उपरोधिक ताळेबंद मांडला जातो. दुसऱ्यात निव्वळ चावटपणा आणि घरगुती गमती असतात. राजकीय भाषणासाठी माइन्त्स विशेष ओळखले जाते.

आता भाषिक दृष्टीने पाहा. संसद, न्यायालय आणि अध्यक्षीय भाषण ह्यांची प्रयुक्ती सर्वत्र प्रमाणभाषेची असते. येथे त्या औपचारिक चौकटीत बोली बसविलेली आहे. उच्च समजल्या गेलेल्या प्रसंगात ‘खालची’ समजली गेलेली भाषा बोलली गेली की दोघांच्या प्रतिष्ठेची अदलाबदल होते. ह्या सभेतील विनोदाचा मोठा भाग शब्दांतून नव्हे, तर ह्या अदलाबदलीतून निर्माण होतो.

स्वयं-अध्ययन प्रश्न – १

योग्य शब्द लिहून रिकाम्या जागा भरा.
(अ) माइन्त्समध्ये कार्निव्हलला ............ म्हणतात.
(आ) विनोदानंतर वाजणाऱ्या वाद्यांच्या झटक्याला ............ म्हणतात.
(इ) शब्दावरून बोलणाऱ्याचे गाव वा गट ओळखू येणे ह्यास ............ म्हणतात.

२.३ एर्न्स्ट नेगर : छपरे शाकारणारा गायक

एर्न्स्ट नेगर ह्याचा जन्म माइन्त्समध्ये १४ जानेवारी १९०९ रोजी झाला आणि मृत्यूही तेथेच, १५ जानेवारी १९८९ रोजी, म्हणजे ऐंशीव्या वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी झाला. छपरे शाकारण्याच्या व्यवसायात तो ‘माइस्टर’, म्हणजे रीतसर परीक्षा देऊन मान्यता पावलेला उस्ताद कारागीर होता. जर्मनीत त्याला ‘गाणारा छप्पर-उस्ताद’ ह्याच बिरुदाने ओळखत. हा तपशील केवळ गमतीचा नाही. त्याच्या गाण्याला जी विश्वसनीयता लाभली, ती त्याच्या व्यवसायापासून वेगळी काढता येत नाही.

दुसऱ्या महायुद्धातील बॉम्बहल्ल्यांनी, विशेषतः २७ फेब्रुवारी १९४५ च्या हल्ल्याने, माइन्त्स उद्ध्वस्त झाले. युद्ध संपले तेव्हा शहराच्या मध्यवस्तीचा सुमारे ८० टक्के भाग पडलेला होता. विजेत्या राष्ट्रांनी आखलेल्या सीमेमुळे ऱ्हाइनच्या उजव्या तीरावरील कास्टेलसारखी उपनगरे माइन्त्सपासून तुटली आणि वीसबाडेन शहराला जोडली गेली. घरांना छपरे नाहीत आणि नगराला आपला अर्धा काठ नाही, अशा अवस्थेत माइन्त्सकर पुन्हा एकत्र जमू लागले.

१९५२ च्या कार्निव्हल-हंगामात नेगरने ‘हाइले, हाइले गेन्स्ये’ हे गीत गायिले. त्याचे मूळ शब्द मार्टिन मुंडो ह्या माइन्त्सच्या कार्निव्हल-कवीचे. मुंडो युद्धकाळातच, १९४१ मध्ये निवर्तला होता. गीताचे बीज एका बालगीतात आहे. मूल पडले, गुडघा खरचटला की जर्मन आई त्या जागेवर फुंकर घालत, छोट्या हंसाचे नाव घेत ‘बरे होईल’ असे गुणगुणते. ह्या गीतात युद्धानंतर एका नव्या कडव्याची भर पडली. त्यात गाणारा मोडक्या माइन्त्सनगरीलाच दुखावलेल्या लेकरासारखे जवळ घेऊ पाहतो आणि तिला लवकर बरे होण्याचा धीर देतो. हे कडवे ऐकताना सभागृहातील अनेकांच्या डोळ्यांत पाणी उभे राहिले, असे सांगतात.

प्रसंग नीट ध्यानात घ्यावा. हसण्यासाठी जमलेली सभा. गाणारा असा कारागीर, ज्याचे रोजचे काम त्याच शहराची छपरे शाकारण्याचे. आणि गीत लहान मुलाला समजावण्याचे. शोकगीताची अलंकृत भाषा येथे वापरली असती, तर तिला एखाद्या शासकीय स्मृतिदिनाचे रूप आले असते. बोलीतील बालगीताने मात्र दुःखाला घरगुती माप दिले.

२.४ एका प्रत्ययाचे सामर्थ्य

आता ‘गेन्स्ये’ हा शब्द वेगळा काढून पाहू. प्रमाण जर्मनमध्ये ‘गान्स’ म्हणजे हंस. त्याला ‘-खेन’ हा लघुत्वदर्शक प्रत्यय लागून ‘गेन्सखेन’ असे रूप होते. माइन्त्सच्या बोलीत शेवटचा ‘न’ गळतो, प्रत्यय मृदू होतो आणि ‘गेन्स्ये’ हे रूप तयार होते. हाच प्रत्यय श्वाबेन भागात ‘-ले’, स्वित्झर्लंडमध्ये ‘-ली’ आणि बव्हेरियात ‘-एर्ल’ असा आढळतो. म्हणजे जर्मन भाषाप्रदेशातील प्रत्येक भागाला मायेने बोलण्याचा आपापला प्रत्यय आहे.

लघुत्वदर्शक प्रत्यय केवळ आकार सांगत नाही. मराठीत ‘तान्हुले’, ‘सोनुले’, ‘छकुले’ ही रूपे वस्तूच्या लहानपणापेक्षा बोलणाऱ्याचा जिव्हाळा अधिक सांगतात. जर्मनमध्येही तसेच आहे. ह्यातून एक महत्त्वाची गोष्ट निष्पन्न होते. हँबर्गच्या किंवा म्युनिकच्या श्रोत्याला माइन्त्सचा प्रत्यय परका असला, तरी त्या जागी त्याच्या स्वतःच्या बोलीतील प्रत्यय त्याला आठवतो. रूप माइन्त्सचे, पण अनुभव त्याच्या आईच्या बोलीचा. युद्धाने मोडलेल्या शहरांत राहणाऱ्या सर्वच जर्मनांना हे गीत आपले वाटले, त्याचे एक भाषिक कारण येथे सापडते. बोली जेथे सर्वाधिक खासगी असते, तेथेच ती कधीकधी सर्वाधिक सार्वत्रिक ठरते.

२.५ पडदा आणि ध्वनीची भाषा

१९५५ मध्ये पश्चिम जर्मनीतील ‘आ-एर-डे’ ह्या प्रसारणसंस्थेने माइन्त्सची कार्निव्हल-सभा दूरचित्रवाणीवर दाखविण्यास आरंभ केला. पुढे ‘त्सेट-डे-एफ’ ही दुसरी राष्ट्रीय वाहिनी माइन्त्समध्येच स्थापन झाली आणि १९६५ पासून तिनेही स्वतंत्र सभा प्रक्षेपित केली. १९७३ पासून दोन्ही वाहिन्यांचा मिळून एकच कार्यक्रम होऊ लागला आणि त्याचे यजमानपद आलटूनपालटून त्यांच्याकडे येऊ लागले. ‘माइन्त्स ब्लाइप्ट माइन्त्स, वी एस झिंग्ट उंड लाख्ट’ असे त्याचे लांबलचक नाव आहे. माइन्त्स माइन्त्सच राहते आणि ते गाते-हसते, असा त्याचा आशय. राखेच्या बुधवारापूर्वीच्या शुक्रवारी माइन्त्सच्या जुन्या राजवाड्यातील सभागृहातून तो दाखविला जातो. चार मंडळे मिळून तो सादर करतात. त्यांपैकी एक मंडळ कास्टेलचे आहे, जे आज प्रशासकीयदृष्ट्या वीसबाडेनमध्ये व वेगळ्या राज्यात मोडते. राज्याची सीमा नदीतून गेली. बोलीची आणि सणाची सीमा मात्र तेथून गेली नाही. बोलीभूगोलाच्या अभ्यासात हे उदाहरण लक्षात ठेवण्यासारखे आहे.

ह्या पडद्यावर नेगरला १९६४ मध्ये सर्वांत मोठे यश मिळाले. ‘हुम्बा टेटेरे’ हे गीत टोनी हेमर्ले ह्या दृष्टिहीन संगीतकाराने रचले होते. ‘हुम्बा’ हा मोठ्या ढोलाचा घुमार आणि ‘टेटेरे’ ही तुतारीची ललकारी. म्हणजे ही ध्वन्यनुकारी शब्दरचना होय. तिला कोशगत अर्थ नाही. सभागृहातील श्रोत्यांनी हे धृपद पुन्हा पुन्हा म्हणायला लावले. कोणी थांबेना आणि प्रक्षेपण ठरलेल्या वेळेच्या पुष्कळ पुढे गेले.

‘गेन्स्ये’ आणि ‘हुम्बा’ ह्या दोन गीतांची तुलना करून पाहा. पहिल्यात बोली अर्थासह पोहोचते, कारण त्या अर्थाचा अनुभव प्रत्येक श्रोत्याच्या घरी आहे. दुसऱ्यात अर्थच बाजूला ठेवलेला आहे, त्यामुळे बोलीभेदाचा अडसर उरत नाही. ह्या दोहोंच्या जोडीला तिसरे उदाहरण घेता येईल. ‘माइन्त्सर होफझेंगर’ हा १९२६ मध्ये स्थापन झालेला गायकसंघ ‘झो आइन टाग’ हे गीत गातो. ते प्रमाण जर्मनमध्ये आहे. १९८९ च्या नोव्हेंबरात बर्लिनची भिंत खुली झाली, तेव्हा आनंदित लोकांच्या तोंडी हे गीत होते. ह्यावरून स्थानिक मंचावरून राष्ट्राकडे जाणारे तीन भाषिक मार्ग स्पष्ट होतात : सर्वांना परिचित अशा भावनेचा मार्ग, अर्थनिरपेक्ष ध्वनीचा मार्ग आणि प्रमाणभाषेचा मार्ग.

२.६ काय पोहोचते, काय मागे राहते?

गीताला सुरांचा आधार असतो. पिंपातील वक्त्याला तो नसतो. त्यामुळे बोलीची खरी कसोटी भाषणात लागते. सभागृहातील श्रोता माइन्त्सचा, पण पडद्यासमोरचा श्रोता उत्तर समुद्रापासून आल्प्सपर्यंत कुठलाही असू शकतो. अशा वेळी वक्ता बोली सोडत नाही, पण तिला गाळून घेतो. हे गाळणे साधारणपणे तीन स्तरांवर दिसते.

(१) उच्चार व प्रत्यय. हा स्तर बहुतांशी टिकतो. ‘माखेन’ (करणे) ह्याऐवजी ‘माखे’, ‘निख्त’ (नाही) ह्याऐवजी ‘नेट’, शहराच्या नावाचा ‘मेन्त्स’ असा उच्चार, वाक्याच्या शेवटी दुजोरा मागणारे ‘गेल’ (आपल्या ‘हो ना?’सारखे) – एवढ्या थोड्या खुणा परप्रांतीय श्रोत्याला सहज उमजतात आणि बोलीचा रंग देण्यास पुरतात.

(२) यमक. ब्युटनरेड यमकबद्ध असल्यामुळे काही बोलीरूपे आपोआप सुरक्षित राहतात. ‘नेट’ (नाही) ह्याचे यमक ‘बेट’ (अंथरूण) ह्या शब्दाशी जुळते. प्रमाण रूप ‘निख्त’ घातले तर जुळत नाही. म्हणजे वक्त्याने बोली सोडली, तर विनोदाचा कणाच मोडतो. छंद हा बोलीचा पहारेकरी कसा होतो, ह्याचे हे उत्तम उदाहरण आहे.

(३) शब्दसंग्रह. सर्वाधिक हानी येथे होते. फ्रेंच अंमलाच्या आणि सान्निध्याच्या काळात ह्या भागातील बोलीत फ्रेंच शब्द रुजले. उदाहरणार्थ पदपथाला ‘ट्रोट्वा’. माइन्त्स हे मध्ययुगापासून ज्यू विद्येचे मोठे केंद्र होते, त्यामुळे हिब्रू-यिडिश मुळाचे ‘त्सोरेस’ (कटकट, गोंधळ) ह्यासारखे शब्दही परिसराच्या बोलींत आहेत. अशा शब्दांत नगराचा इतिहास साठलेला असतो. पण ज्या शब्दाला स्पष्टीकरण लागते, त्यावर विनोद उभा राहत नाही, कारण समजावून सांगितलेला विनोद मरतो. म्हणून राष्ट्रीय श्रोत्यांसाठी लिहिताना असे शब्द आधी गळतात.

परिणामी पडद्यावर ऐकू येते ती माइन्त्सची संपूर्ण बोली नव्हे, तर प्रमाणभाषेच्या सांगाड्यावर चढविलेला माइन्त्सचा स्वर होय. भाषाविज्ञानात ह्या मधल्या रूपाला प्रादेशिक व्यवहारभाषा म्हणतात. बोली टिकणे वेगळे आणि बोलीची खूण टिकणे वेगळे, हे सूत्र येथे सिद्ध होते.

ह्या बदलावर आतूनच टीका झाली. हर्बर्ट बोनेवित्स हा माइन्त्सच्या कार्निव्हलमधील एक बुद्धिमान कलावंत. दीर्घकाळ ह्या मंचावर गाजल्यानंतर सत्तरच्या दशकात तो सभेपासून दूर झाला आणि त्याने राजकीय व्यंगनाट्याचा स्वतंत्र मार्ग धरला. संस्थाबद्ध, ठरीव गमतीचा कार्निव्हल हाच पुढे त्याच्या उपहासाचा विषय झाला. पहिल्या रांगेत बसलेल्या मंत्र्यांवर विनोद करायचा, मंत्र्यांनी कॅमेऱ्यासमोर हसायचे आणि दुसऱ्या दिवशी सारे पूर्ववत, ही शंका आजही अभ्यासकांना पडते. विनोद नेहमीच सत्तेच्या विरोधात असतो, असे मानणेही भाबडेपणाचे ठरेल. १९३३ नंतर जर्मनीतील कार्निव्हल-मंडळे मोठ्या प्रमाणात नाझी राजवटीशी जुळवून घेऊ लागली आणि काही मिरवणुकांत ज्यूद्वेष्टे देखावेही निघाले. माइन्त्समध्ये राजवटीला चिमटे काढणारे वक्ते म्हणून सेपेल ग्ल्युकर्ट आणि ‘गेन्स्ये’चा कवी मार्टिन मुंडो ह्यांची नावे घेतली जातात; परंतु ते अपवाद होते. ज्या बोलीत फुंकर घालता येते, त्याच बोलीत शेजाऱ्याची विटंबनाही करता येते. बोली स्वभावतः निष्पाप नसते. ती वापरणाऱ्यावर अवलंबून असते.

तरीही पडद्याने बोलीचे केवळ नुकसान केले, असा निष्कर्ष काढणे अपुरे होईल. मार्गिट श्पोनहायमर हिच्यासारखी पुढच्या पिढीतील गायिका ह्याच मंचावरून देशभर लोकप्रिय झाली. ‘हुम्बा’ तर सभागृहाबाहेर पडून फुटबॉलच्या मैदानात गेले. माइन्त्सच्या संघाच्या समर्थकांनी ते विजयघोष म्हणून स्वीकारले आणि तेथून ते इतर संघांच्या समर्थकांपर्यंत पसरले. आज ते ओरडणाऱ्या अनेकांना नेगरचे नावही ठाऊक नसेल. गीताने कर्त्याचे नाव गमावले आणि लोकांची जीभ मिळवली. लोकसाहित्याच्या प्रवासाची ही परिचित रीतच होय.

स्वयं-अध्ययन प्रश्न – २

एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) ‘हुम्बा टेटेरे’ ह्या शब्दांचे भाषिक स्वरूप कोणते?
(आ) यमकामुळे बोलीरूप कसे सुरक्षित राहते?
(इ) राष्ट्रीय श्रोत्यांसाठी बोलताना बोलीच्या कोणत्या स्तराची सर्वाधिक हानी होते?

३. सारांश

माइन्त्सची कार्निव्हल-सभा म्हणजे औपचारिक बैठकीचे विडंबन असून त्या चौकटीत बोलीला मध्यवर्ती स्थान आहे. एर्न्स्ट नेगर ह्या छप्पर-कारागिराने १९५२ मध्ये बोलीतील बालगीताच्या आधारे युद्धात मोडलेल्या शहराचे दुःख व्यक्त केले आणि १९६४ मध्ये अर्थनिरपेक्ष ध्वनींच्या गीताने देशभरच्या प्रेक्षकांना सामावून घेतले. दूरचित्रवाणीमुळे बोलीला प्रतिष्ठा व श्रोते लाभले. त्याच वेळी तिचा स्थानिक शब्दसंग्रह गळत गेला आणि उच्चार, प्रत्यय, यमक ह्यांतून तिची खूण उरली.

नेगरने आपला व्यवसाय सोडला नाही की आपले बोलणे सुधारून घेतले नाही. ज्या बोलीत तो छपरावरून मदतनिसाला हाक मारत असे, त्याच बोलीत तो देशासमोर गायला. प्रमाणभाषा आत्मसात करणे हे शिक्षणाचे आवश्यक उद्दिष्ट आहेच. पण त्यासाठी घरची बोली विसरावी लागते, हा समज ह्या उदाहरणाने खोटा ठरतो. तुमच्यापैकी अनेकांनी नोकरी, शेती किंवा संसार सांभाळून हा अभ्यास हाती घेतला आहे. उत्तरपत्रिकेची भाषा आणि अंगणातली भाषा ह्या दोन्ही तुमच्याच आहेत, आणि दुसरीचे शब्द नोंदवून ठेवणारे तुमच्याखेरीज कदाचित कोणी नसेल.

४. पारिभाषिक शब्द

सामाजिक निर्देश : उच्चार वा शब्द ह्यांवरून बोलणाऱ्याचा गाव, वर्ग किंवा गट सूचित होणे.
प्रयुक्ती : विशिष्ट प्रसंगी वा व्यवसायात वापरले जाणारे भाषेचे रूप.
लघुत्वदर्शक प्रत्यय : लहानपणा किंवा जिव्हाळा दर्शविणारा प्रत्यय.
ध्वन्यनुकारी शब्द : नैसर्गिक वा वाद्यध्वनीचे अनुकरण करणारा शब्द.
प्रादेशिक व्यवहारभाषा : बोली आणि प्रमाणभाषा ह्यांच्या मधले, मोठ्या प्रदेशात समजणारे रूप.

५. स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : (अ) फास्टनाख्ट (आ) टुश (इ) सामाजिक निर्देश
प्रश्न २ : (अ) ते ढोल व तुतारी ह्यांच्या आवाजांचे अनुकरण करणारे ध्वन्यनुकारी शब्द आहेत. (आ) प्रमाण रूप घातल्यास यमक जुळत नाही, म्हणून वक्त्याला बोलीरूपच ठेवावे लागते. (इ) स्थानिक शब्दसंग्रहाची सर्वाधिक हानी होते.

६. सरावासाठी स्वाध्याय

(१) ‘बोली टिकणे वेगळे आणि बोलीची खूण टिकणे वेगळे’ – ह्या विधानाची सोदाहरण चर्चा करा.
(२) ‘हाइले, हाइले गेन्स्ये’ व ‘हुम्बा टेटेरे’ ह्या गीतांची भाषिक दृष्टीने तुलना करा.
(३) औपचारिक चौकट आणि बोली ह्यांच्या संयोगातून विनोद कसा निर्माण होतो, ते माइन्त्सच्या सभेच्या आधारे लिहा.
(४) क्षेत्रीय कार्य : तुमच्या घरातील वडीलधाऱ्या व्यक्तीशी अर्धा तास गप्पा मारा. तिच्या बोलण्यातील, पण तुमच्या लेखनात कधीही न आलेले दहा शब्द अर्थासह नोंदवा. त्यांपैकी कोणते शब्द परजिल्ह्यातील श्रोत्याला स्पष्टीकरणाशिवाय कळतील आणि का, ते लिहा.